पट्टीच्या आडोशाला

फौजदार जगदाळे बूट न काढता पानमळ्यात शिरले, त्या क्षणी राजमतीअक्कांनी ठरवलं, आता कोर्टात जायचंच.

तोवर त्यांनी बरंच सोसलं होतं. चौकशीला या म्हणून ठाण्यातून फोन यायचा. ना नोटीस, ना कागद. अक्का जेवणाचा डबा घेऊन जायच्या, बाकावर दिवसभर बसायच्या, आणि संध्याकाळी कुणीतरी मळा विकायचं संमतिपत्र हळूच पुढं सरकवून म्हणायचं, मावशी, सही करा आणि सुटा की, या वयात कशाला हेलपाटे. अक्का डबा उचलून घरी यायच्या. पुढच्या आठवड्यात पुन्हा फोन. हे सगळं त्यांनी अंगावर काढलं, पण बूट म्हणजे अति झालं.

कुरणवाडीत एक वेळ माणूस चुकून देवळात चपलेनं जाईल, पानमळ्यात जाणार नाही. मिरजेच्या पूर्वेकडच्या या गावात पिढ्यान्‌पिढ्या हीच रीत होती. बांधावर चपला काढायच्या, पाय धुवायचे, मग वेलींत शिरायचं. गावकरी म्हणत, पानवेल सोवळी असते. अक्कांनी मिरजेच्या शाळेत आयुष्यभर जीवशास्त्र शिकवलं होतं. त्यांना ठाऊक होतं, की वेलीला मर आणणारी बुरशी पायताणाला लागलेल्या चिखलातून एका मळ्यातून दुसऱ्या मळ्यात जाते. पण कारण कुठलंही असो, चपला निघताहेत ना, मग लोकांची समजूत कशाला मोडा, असा त्यांचा व्यवहारी विचार होता. फौजदारांना ना बुरशी ठाऊक होती, ना सोवळं. ते तिसऱ्या ओळीतून थेट शेवटपर्यंत चालत गेले, वेल चढवलेल्या शेवग्याच्या खोडाला हात टेकून उभे राहिले आणि जागा गोदामाला एकदम छान आहे, असं म्हणून त्याच वाटेनं परत आले. थोड्याच दिवसांत त्या ओळीतल्या वेलींनी माना टाकल्या.

भांडण तसं घरचंच होतं. अक्कांचा धाकटा भाऊ भूपाल मिरजेत राहायचा. हॉस्पिटलांना लागणारं सामान विकायचं त्याचं दुकान होतं. आई लवकर गेली, त्यामुळे हा भाऊ अक्कांच्याच कडेवर वाढला. पुढं अक्कांचं लग्न झालं, मूलबाळ झालं नाही, यजमान गेले. मग त्या माहेरी परतल्या. म्हाताऱ्या वडिलांचं, आण्णांचं सगळं त्यांनीच केलं आणि आण्णांच्या मागं मळाही सांभाळला. आण्णांनी मृत्युपत्र केलं नव्हतं. सातबाऱ्यावर भावाबहिणीची दोघांची नावं लागली. शेजारून मोठा रस्ता गेल्यावर एका गोदामवाल्या शेठची नजर मळ्यावर पडली. भूपाल एके दिवशी त्याच्याकडे चहाला गेला आणि शब्द देऊन आला. अक्का म्हणाल्या, मी विकणार नाही. झालं, दोघांचं बोलणं बंद पडलं. असली भांडणं दिवाणी कोर्टात वर्षानुवर्षं चालतात. शेठला तेवढी सवड नव्हती आणि त्याची फौजदारांशी ओळख होती.

अक्कांनी वकील गाठली ती तबस्सुम बारगीर. त्यांचीच जुनी विद्यार्थिनी. रक्तगट तपासायच्या प्रयोगात स्वतःचं बोट टोचून घ्यायला हिनं साफ नकार दिला होता आणि 'कुठल्या नियमानं?' असा उलट प्रश्न केला होता. ही मुलगी वकील होणार, हे अक्कांनी तेव्हाच ओळखलं होतं. तबस्सुमनं कोल्हापूरला उच्च न्यायालयात अर्ज टाकला. न्यायमूर्ती बाई होत्या, मोजकं बोलणाऱ्या. खासगी जागेच्या वादात पोलिसांचं काय काम, एवढंच त्यांनी सरकारी वकिलांना विचारलं. उत्तर काही धड आलं नाही. लेखी नोटीस दिल्याशिवाय या बाईंना ठाण्यात बोलवायचं नाही, त्यांच्या दारात जायचं नाही, असा हुकूम निघाला आणि हुकुमाबरोबर अक्कांच्या डाव्या मनगटावर अभयपट्टी आली.

ही पट्टी निघाली त्याला कारण होतं. पूर्वी असे हुकूम निघत आणि कागदावरच राहत, कारण ठाण्यात काय घडलं याला साक्षीदार ठाण्यातलेच असत. एखाद्यानं सही केली तर ती खुशीनं केली की घाबरून, हे ठरवायचं कसं? भीती म्हणजे धडधड, असं शास्त्रज्ञांनाही फार दिवस वाटत होतं. पण धडधड जिना चढल्यावर होते, रागानं होते, मुलगी बघायला आल्यावरही होते. मग कुणाच्या तरी ध्यानात आलं, की भीतीचा पहिला क्षण धडधडीचा नसतोच. मांजर समोर आलं की उंदीर आधी थिजतो. हृदयाचे ठोके एकाएकी मंदावतात, श्वास अडतो, बोटांच्या टोकांतल्या बारीक रक्तवाहिन्या आवळून बोटं गार पडतात. आपल्यापेक्षा जबरदस्त कुणीतरी समोर आहे आणि पळायला वाट नाही, असं शरीराला वाटलं, की ही तिन्ही लक्षणं एकदम येतात. रागात ती येत नाहीत. रागात बोटं तापतात.

पट्टी ही तीन लक्षणं टिपायची. पहिल्या आठवड्यात ती माणसाचं नेहमीचं वागणं शिकून घ्यायची आणि मग कामाला लागायची. पोलिसांच्या ओळखपत्रात तोवर चिप आलीच होती. कुणी पोलीस हाकेच्या अंतरात आला, की त्याची नोंद व्हायची. लेखी नोटीस नसताना आला तर हुकूम मोडल्याची बातमी परस्पर कोर्टात पोचायची. त्याच्यासमोर माणूस थिजलेला असताना घेतलेली सही रद्दबातल. पोलीस असे लांब ठेवल्यावर शेठ लोकांनी नातेवाईक पाठवायला सुरुवात केली, तेव्हा नियमात भर पडली. ज्याच्या सहवासात माणूस वारंवार थिजतो, तो कुणीही असो, त्याच्या खिशातल्या फोनवरून पट्टी त्याला ओळखायची आणि त्याला मनाई करण्याची शिफारस कोर्टाकडे जायची. पट्टी आपणहून काढली तर सगळं संरक्षण संपलं. हेही मुद्दामच होतं, पट्टी नसेल तर साक्ष कुणाची धरायची?

अक्कांनी हे सगळं तबस्सुमकडून दोनदा समजावून घेतलं, उंदराचं उदाहरण पसंत केलं आणि पट्टी आंघोळीला चालते का ते विचारलं. चालत होती.

फौजदारांचा आणखी एकच फोन आला, मग तेही बंद झाले. अक्का पुन्हा सकाळी मळ्यात जायला लागल्या. अंगठ्याला लोखंडी नखी चढवून पानं खुडायची, सावलीत बसून ती निवडायची, दुपारी खोपीतल्या बाजल्यावर जरा पडायचं, असा त्यांचा दिवस सुरळीत झाला. तिसऱ्या ओळीतल्या मेलेल्या वेली त्यांनी उपटून जाळल्या आणि त्या जागी चुना टाकला. 

आणि मग एका दुपारी भूपाल आला.

त्याची गाडी विजेची, तिला आवाज नव्हता. पण फाटकाची साखळी वाजली आणि ती वाजवायची त्याची तऱ्हा अक्कांच्या कानाला लहानपणापासून ओळखीची होती. भूपालनं बांधावर चपला काढल्या, पाय धुतले, आत येऊन बाजल्यावर बसला. अक्का पानं निवडत होत्या. त्यांनी मान वर केली नाही.

"अक्का," भूपाल म्हणाला, आणि थांबला.

अक्कांचा हात पानावर तसाच राहिला. आता हा सही मागणार. आता आपण नाही म्हणणार. मग हा उठून जाणार आणि या खेपेला गेला की परत येणार नाही. पण भूपाल पुढं काही बोललाच नाही. उठला, सुटलेली एक वेल त्यानं शेवग्याला परत बांधून दिली, बोटं आपोआप चालली. ती गाठ त्याला अक्कांनीच शिकवली होती. ऊन उतरल्यावर तो गेला.

दुसऱ्या दिवशी तो पुन्हा आला, तिसऱ्या दिवशीही. रोज दुपारी साखळी वाजायची, भूपाल 'अक्का' म्हणून थांबायचा आणि संध्याकाळपर्यंत वेलींमध्ये काहीबाही करायचा, नाहीतर बाजल्यावर झोपून जायचा. अक्का त्याला चहा द्यायच्या. बोलणं नाही, पण चहात साखर जास्त, त्याला लागायची तेवढी. अक्कांना त्याचं येणं हवं होतं आणि त्याच्या येण्याची धास्तीही होती. दुपार झाली, की त्या साखळीकडे कान लावून बसायच्या, आणि साखळी वाजली की त्यांची बोटं गार पडायची.

महिन्याच्या शेवटी तबस्सुम पट्टीचा अहवाल घेऊन आली. बांधावर सँडल काढताना तिचा चेहरा बघूनच अक्कांनी विचारलं, की फौजदार आला होता का आसपास.

तबस्सुमनं सांगितलं, की फौजदारांचा प्रश्न नव्हता. पट्टी लावल्यावर त्यांचा एकदाच फोन आला होता, तेव्हा अक्का जेमतेम थिजल्या होत्या. खरं थिजणं दुसऱ्याच माणसाच्या नावावर होतं. रोज दुपारी, न चुकता, आणि इतकं ठळक, की शिफारस आपोआप कोर्टाकडे गेलीसुद्धा. भूपालला हाकेच्या अंतरात यायला मनाई करावी, असं पट्टीचं म्हणणं होतं.

"तो माझा भाऊ आहे," अक्का म्हणाल्या.

"पट्टीला नातं कळत नाही, अक्का. तिला थिजणं कळतं."

अक्कांनी मनगटावरची पट्टी फिरवून बघितली. मग त्यांनी विचारलं, पट्टी काढली तर. तबस्सुमनं सांगितलं, की मग संध्याकाळपर्यंत जगदाळे दारात असतील, बुटांसकट. आणि मला विचारलंत तर पट्टीचं खरं असू शकतं, असंही ती हळू आवाजात म्हणाली. सही मागणारा माणूस दरवेळी आरडाओरडा करतोच असं नाही. काही जण नुसते रोज येऊन बसतात. तिनं असे भाऊ पाहिले होते. रोज दुपारी अक्कांच्याही मनात तेच यायचं.

सुनावणीला आठवडा होता. अक्कांनी ठरवलं, की पट्टीला हरवायचं. भीतीची लक्षणं तीनच ना, मग तीन उपाय. भूपाल यायच्या वेळेला त्यांनी गरम पाण्याची पिशवी घेऊन हात शेकले, दोन कप कडक चहा घेतला म्हणजे ठोके वाढतील, आणि श्वास अडू नये म्हणून णमोकार मंत्र मोठ्यानं म्हणायला सुरुवात केली. साखळी वाजली आणि मंत्र मधल्या ओळीवरच अडकला. भूपालनं आत येऊन विचारलं, आज काय पर्व आहे का. अक्का म्हणाल्या, नाही, आपलं उगीच. त्या दिवशीची नोंद महिन्यातली सगळ्यांत वाईट निघाली. जीवशास्त्राच्या बाईंना आपलंच शरीर ऐकत नाही, याचा त्यांना त्या संकटातही जरा राग आला.

दोन दिवसांनी भूपालला कोर्टाची नोटीस मिळाली. त्या दुपारी साखळी वाजली नाही. अक्का उठून फाटकाकडे गेल्या, तर तो रस्त्याच्या पलीकडे लिंबाखाली उभा. कोर्टाचा हुकूम अजून झालेला नव्हता, तरी हा लांबच उभा राहिला होता. आणि मळ्यात यायचं नाही, तरी सवयीनं चपला काढून हातात धरल्या होत्या.

"आत येत न्हाई मी, अक्का," तो तिथूनच म्हणाला. "तुला माझी भीती वाटती म्हणून लिहिलंय त्यात."

 जे रोज गिळत होत्या तेच अक्कांनी शेवटी विचारलं. "सहीसाठीच येत होतास ना रे?"

भूपालनं चपला खाली ठेवल्या. "पाठवत्यात सहीसाठीच. रोज सकाळी फौजदाराचा फोन असतोय. मी म्हणतो, जातोय, समजावतोय. मी फिरलो, अक्का, शब्द फिरवला. फौजदार बुटानं मळ्यात गेला, हे मला तिसरी ओळ बघून कळलं. मी फाटकाबाहेरनं बघून गेलतो, तुला सांगितलं न्हाई. त्याच दिवशी शेठला जाऊन सांगितलं, विकायचं न्हाई. तर त्यानं माझ्यावर फसवणुकीची तक्रार टाकली. आता बाकावर मी असतोय."

अक्का फाटक धरून ऐकत होत्या. भूपालला बोलायला त्रास होत होता, तरी तो थांबला नाही. पहिल्यांदा शेठला 'अक्काला कुणीतरी समजावून सांगा' असं म्हणणारा तोच होता. समजावणं म्हणजे ठाण्यातला बाक, हे त्याला कळायला हवं होतं, पण त्यानं कळून घेतलं नव्हतं. हे सांगायला रोज तो यायचा, 'अक्का' म्हणायचा आणि पुढं जीभ उचलायची नाही.

"मग न बोलता बसायला कशाला येत होतास?" अक्कांनी विचारलं.

"दुकानावर येत्यात ते. घरी येत्यात. तुझ्या पट्टीमुळं हितं येत न्हाईत." भूपालनं खाली बघत सांगितलं. "सगळ्या जिल्ह्यात तेवढीच एक जागा होती, जिथं मला झोप येत होती. तुझ्या पट्टीच्या आडोशाला बसत होतो, अक्का."

अक्का रस्ता ओलांडून गेल्या. वाहनं थांबली, एकानं हॉर्न दिला. पन्नाशी ओलांडलेल्या, कानशिलावर पांढऱ्या झालेल्या भावाचं डोकं त्यांनी पदरानं पुसावं तसं छातीशी धरलं आणि त्याला म्हणाल्या, की तू लहानपणापासून असाच आहेस, ताप चढेपर्यंत कुणाला सांगायचा नाहीस. दोघंही तिथंच लिंबाखाली रडले. मग अक्कांनी तबस्सुमला फोन लावला.

तबस्सुमनं सगळं ऐकून घेतलं आणि एकच गोष्ट विचारली. दुपारी मळ्याच्या बाहेर, वळणावर, एखादी गाडी उभी असते का? भूपाल म्हणाला, जगदाळ्यांचीच असते की. मी बाहेर पडायची वाट बघत्यात.

कोल्हापूरला सुनावणीच्या दिवशी अक्कांनी आण्णांच्या वेळची इरकली साडी नेसली. भूपाल मागच्या बाकावर बसला असता तरी हाकेच्या अंतरातच आला असता, दालनच तेवढं मोठं नव्हतं. म्हणून त्याला दाराबाहेर बसवलं होतं. न्यायमूर्तींनी अहवाल चाळला आणि थेट अक्कांना विचारलं, तुम्हाला भावाची भीती वाटते का.

"वाटते, मॅडम," अक्का म्हणाल्या. तबस्सुमनं डोळे मिटून घेतले.

अक्का शांतपणे पुढं बोलल्या. "पट्टी खोटं सांगत नाही. साखळी वाजली की माझे हात गार पडतात. पण तो मला काय करील, याला मी भीत नाही. तो उठून जाईल आणि परत यायचा नाही, याला भिते. आमच्या मळ्यात पान मलूल झालं, की ते पाणी जास्त झाल्यानं की कमी झाल्यानं, हे पानाकडे बघून कळत नाही. दोन्हीकडे पान सारखंच दिसतं. बुंध्याशी हात घालून माती बघावी लागते. तुमच्या पट्टीनं पान बघितलंय, मॅडम. माती बघायची राहिली आहे."

मग तबस्सुम उठली. तिनं पट्टीचीच दुसरी नोंद पुढं केली. यंत्र हाकेच्या अंतरातलं बघायचं आणि बाहेरचं टिपून बाजूला ठेवायचं. तिकडे कुणी लक्षच दिलं नव्हतं. ज्या ज्या दुपारी भूपाल मळ्यात होता, त्या त्या दुपारी फौजदार जगदाळ्यांची चिप वळणावर, हद्दीच्या जेमतेम बाहेर, तासन्‌तास उभी होती. भूपाल मळ्यातून निघाला, की तीही निघत होती. भूपाल आला नाही, तेव्हा वळण मोकळं होतं.

न्यायमूर्तींनी ती नोंद दोनदा पाहिली. फसवणुकीच्या तक्रारीत लेखी नोटीस कधी काढली, असं त्यांनी सरकारी वकिलांना विचारलं. वकिलांनी कागद उलटसुलट केले आणि माहिती घेऊन सांगतो म्हणाले. जमिनीचा शब्द फिरला असेल तर शेठना दिवाणी कोर्टाचा रस्ता मोकळा आहे, ठाण्याचा नाही, असं न्यायमूर्ती म्हणाल्या. भूपालविरुद्धची शिफारस त्यांनी रद्द केली. फौजदारांच्या वरिष्ठांकडून खुलासा मागवला. आणि भूपाल मगदूम यांनाही बहिणीसारखंच संरक्षण देण्यात येत आहे, असं लिहायला सांगितलं. जाता जाता त्यांनी चष्म्यावरून अक्कांकडे बघितलं आणि पट्टी बनवणाऱ्यांना हे मातीचं कळवायला हवं, असं म्हणाल्या.

नवी पट्टी घेऊन तबस्सुम मळ्यात आली तेव्हा थंडी सरत आली होती. पट्टी पहिल्यांदा बांधताना माणूस निवांत असावा लागतो, म्हणजे त्याचं नेहमीचं शरीर तिला नीट कळतं. तेव्हा ऑफिसात या, तिथं एसी आहे, असं तिनं फोनवर सुचवलं होतं. भूपालनं ते ऐकलंच नव्हतं. तो सकाळपासून वेलींत होता.

पट्टी कुणी बांधायची, हा प्रश्न कुणी काढला नाही. अक्कांनी हात पुसले, डबीतून पट्टी काढली आणि बाजल्यावर भावाच्या समोर बसल्या. भूपालनं सवयीनं उजवा हात पुढं केला.

"डावा," तबस्सुम म्हणाली. "नाडी डाव्या हाताची घेते ती."

भूपालनं हात बदलला. अक्कांनी पट्टी आवळली, जरा सैल केली, पुन्हा नीट बसवली. वाटीत गूळ होता, त्यातला एक खडा त्यांनी त्याच्या तोंडात घातला. दुसरा खडा तबस्सुमनं स्वतः घेतला. दिवा हिरवा लागला. वळणावर कुणी नव्हतं.

तबस्सुम गेल्यावर अक्का पुन्हा पानं निवडायला लागल्या. मग भूपाल उठला, बांधावर जाऊन त्यानं वर नजर टाकली. वेली शेवग्याच्या शेंड्याला टेकल्या होत्या.

"अक्का," तो म्हणाला, आणि थांबला.

अक्कांचा हात पानावर राहिला. श्वास अडला. इतक्या दिवसांची सवय, ती एका हुकुमानं जाणार नव्हती.

"यंदा उतरण करायची न्हाई का?" भूपाल म्हणाला. "वेल खाली घेऊन पुरल्याशिवाय पुढच्या साली फुटायचे न्हाईत. आणि तिसऱ्या ओळीला नवं बेणं कुठनं आणायचं, तेबी बघाय पायजे आत्ताच."

पुढच्या साली, असं तो म्हणाला होता. अक्कांनी ते शब्द मनात एकदा पुन्हा ऐकले. बोटांत ऊब परत यायला लागली होती. भूपाल बांधावर उभा होता, पाय मातीनं भरलेले, उत्तराची वाट बघत.

"करायची की," अक्का म्हणाल्या. "पाय धुऊन आत ये आधी."